दुकानात तयार काडतुसं मिळत असताना अमेरिकेतले शिकारी ती घरी का भरतात?

साल १९४६. अमेरिकेच्या ओरेगन राज्यात ट्रकचा धंदा करणारा जॉन नॉस्लर शिकारीसाठी कॅनडातल्या ब्रिटिश कोलंबियात गेला होता. समोर मूस आला. मूस म्हणजे हरणांच्या कुळातला जगातला सगळ्यात मोठा प्राणी. नराचं वजन पाचशे किलोच्या आसपास जातं. त्यात हा गडी चिखलात लोळून आलेला. अंगावर चिखलाचा वाळलेला थर.

नॉस्लरच्या हातात ताकदवान मॅग्नम रायफल होती. नेमही चुकला नाही. गोळ्या बरोबर बसल्या, पण मूस काही पडेना. गोळ्या इतक्या वेगात आदळत होत्या की आत खोल शिरायच्या आधीच फुटून पसरत होत्या.

दुसरा कुणी असता तर नशिबाला दोष देऊन घरी गेला असता. नॉस्लरने घरी जाऊन नवी गोळी बनवली. गोळीच्या आत दोन कप्पे, मधे धातूची भिंत. पुढचा कप्पा आदळल्यावर पसरतो आणि मागचा भिंतीमुळे शाबूत राहून आत घुसत जातो. १९४७ मध्ये मित्राला घेऊन तो पुन्हा मूसच्या शिकारीला गेला आणि या वेळी काम झालं. १९४८ मध्ये कंपनी सुरू झाली. ‘पार्टिशन’ नावाची ती गोळी आजही विकली जाते.

आता यात खरी गंमत काय, तर नॉस्लरच्या गोळीचं काडतूस दुकानात मिळत नव्हतं. गोळी स्वतःची म्हटल्यावर काडतूसही स्वतःच भरायला लागणार. यालाच हँडलोडिंग म्हणतात. अमेरिकेत आज हा हजारो लोकांचा छंद आहे. गॅरेजमधलं एक टेबल, त्यावर लिव्हरवाला एक प्रेस, एक तराजू आणि तासन्‌तास डोकं खाली घालून बसलेला माणूस.

पण विकत मिळणारी वस्तू घरी बनवायचा एवढा खटाटोप कशासाठी? तेच समजून घेऊ.

आधी गोळी आणि काडतूस यातला फरक

‘आरोपीकडून गावठी कट्टा आणि दोन जिवंत काडतुसं जप्त’ ही बातमी आपण पेपरात कायम वाचतो. बोलताना मात्र गोळी आणि काडतूस आपण एकच धरतो. तसं ते नाही.

काडतुसाचे चार भाग असतात. एक, पितळेची पुंगळी, म्हणजे केस. दोन, पुंगळीच्या बुडाशी बसवलेला प्रायमर. त्याच्यावर आघात झाला की ठिणगी पडते. तीन, पुंगळीत भरलेली दारू, म्हणजे पावडर. आणि चार, तोंडाशी घट्ट बसवलेली गोळी. चाप ओढल्यावर उडून जाते ती फक्त गोळी. ‘जिवंत’ म्हणजे अजून न उडवलेलं काडतूस.

१८५७ च्या उठावात गाजलेलं काडतूस आठवतंय ना? ते कागदाचं होतं. दातांनी कागद फोडायचा, दारू नळीत ओतायची आणि मग गोळी गजाने खाली ठासायची. एका अर्थाने तेव्हा प्रत्येक शिपाई दर वेळी हातानेच बंदूक भरत होता. पुढे धातूची पुंगळी आली आणि चारही भाग एका तुकड्यात बसले.

सगळा खेळ पितळेचा

बार उडाल्यावर दारू जळून जाते, प्रायमर वापरला जातो, गोळी निघून जाते. मागे उरते ती पुंगळी. आणि काडतुसातला सगळ्यात महाग भाग बऱ्याचदा तीच असते.

ती उरते कशी, हेही बघण्यासारखं आहे. .३०८ विंचेस्टर हे १९५२ साली आलेलं, शिकारीत भरपूर वापरलं जाणारं काडतूस आहे. अमेरिकेतल्या मानकानुसार त्यातला कमाल दाब ६२,००० पीएसआयपर्यंत जाऊ शकतो. आपल्या कारच्या टायरमध्ये साधारण ३२ पीएसआय हवा असते. म्हणजे जवळपास १,९०० पट दाब, तोही सेकंदाच्या हजाराव्या भागात.

या दाबाने पितळ फुगतं, रायफलच्या चेंबरच्या भिंतीला जाऊन चिकटतं आणि गरम वायू मागे यायची वाट बंद करतं. दाब ओसरला की ते थोडं आकसतं, म्हणून पुंगळी सहज बाहेर निघते. हा ताण सोसून पितळ पुन्हा वापरता येतं. चांगली पुंगळी नीट सांभाळली तर अनेक वेळा भरता येते. शेवटी तिच्या गळ्याला चीर जाते किंवा बूड सैल पडतं आणि ती भंगारात जाते.

सुरुवात गरजेपोटी झाली

१८७० च्या दशकात अमेरिकेच्या पठारांवर बायसनच्या कातड्यासाठी बेसुमार शिकार चालली होती. त्या शिकाऱ्यांसाठी दुकान शेकडो मैल लांब. म्हणून ते शिसं, दारू आणि प्रायमर सोबत बाळगायचे आणि संध्याकाळी शेकोटीजवळ बसून दुसऱ्या दिवसाची काडतुसं भरायचे. बायसन जवळपास संपले, पण काडतूस भरायची सवय राहिली.

दुसऱ्या महायुद्धात तर शिसं, तांबं, पितळ सगळंच सैन्याकडे वळलं. शिकाऱ्यांना गोळ्या मिळेनात. १९४३ मध्ये कॅलिफोर्नियातल्या ओरोव्हिल गावच्या फ्रेड हंटिंग्टनने त्यावर जुगाड काढला. .२२ च्या वापरलेल्या छोट्या पुंगळ्या सगळीकडे पडलेल्या असायच्या. त्यांचंच गोळीवरचं आवरण करायचं, असा एक साचा त्याने तयार केला. त्याच्या भागात ‘रॉक चक’ नावाचा बिळात राहणारा, खारीच्या कुळातला प्राणी असतो. या गोळ्या त्याच्या शिकारीसाठी. म्हणून साच्याचं नाव ठेवलं रॉक चक बुलेट स्वेज. ‘आरसीबीएस’ हे हँडलोडिंगच्या दुनियेतलं मोठं नाव तिथूनच आलं.

युद्ध संपल्यावर सैन्याकडे दारूचा प्रचंड साठा उरला. कॅन्ससच्या ब्रूस हॉजडनने तो विकत घेऊन किरकोळीत विकायला काढला. दारू स्वस्त झाली, अवजारं आली आणि युद्धावरून परतलेल्या तरुणांना रायफलची माहिती होतीच. छंद घरोघरी पोचला.

टेबलवर नेमकं काय चालतं?

इथे फक्त ओळख करून देतोय. दारूची मात्रा आणि मापं मुद्दाम दिलेली नाहीत.

वापरलेल्या पुंगळ्या आधी साफ करून तपासतात. चीर दिसली की बाद. मग प्रेसमधल्या साच्यातून दाबून फुगलेली पुंगळी मूळ मापात आणतात आणि जुना प्रायमर काढतात. पितळ थोडं लांबलेलं असतं, ते कापून सारखं करतात. नवा प्रायमर बसवतात, दारू मोजून घालतात आणि शेवटी ठरलेल्या खोलीवर गोळी बसवतात.

मोजायचं एकक आहे ग्रेन. एक ग्रेन म्हणजे साधारण ६५ मिलिग्रॅम, तांदळाच्या दोन-तीन दाण्यांएवढं. हँडलोडर तराजू बघतो तो ग्रेनच्या दहाव्या भागापर्यंत. म्हणजे साडेसहा मिलिग्रॅमचा फरकही त्याच्या डोळ्यात येतो. सोनाराच्या काट्यावर असते तसलीच ही शिस्त.

अचूकता म्हणजे सारखेपणा

अचूक काडतूस म्हणजे जास्त ताकदीचं काडतूस, असं आपल्याला वाटतं. प्रत्यक्षात अचूक काडतूस म्हणजे आधीच्या काडतुसासारखंच असलेलं काडतूस.

बार उडाल्यावर रायफलची नळी थरथरते. वाजवलेल्या तारेसारखी, फक्त डोळ्यांना दिसत नाही. गोळी नळीच्या टोकातून बाहेर पडते तेव्हा टोक नेमकं कुठे रोखलेलं आहे यावर तिची दिशा ठरते. प्रत्येक गोळी सारख्याच वेळी, सारख्याच वेगाने बाहेर पडली तर सगळ्या एकाच ठिकाणी जातात. दारू कमीजास्त झाली, पुंगळीची पकड कमीजास्त झाली, गोळी थोडी वाकडी बसली, की गणित बिघडतं.

वेगाचा हिशोब बघा. .३०८ ची गोळी सेकंदाला साधारण ८०० मीटर वेगाने निघते. दोन काडतुसांमध्ये सेकंदाला फक्त १० मीटरचा फरक पडला तर १०० मीटरवर तो जाणवणारही नाही. पण ५०० मीटरवर एक गोळी दुसरीपेक्षा पाच ते सात सेंटिमीटर खाली बसते.

आणि ही गोळी नुसती पुढे जात नाही, गरगर फिरतही जाते. नळीच्या आत पिळदार खाचा असतात. .३०८ मध्ये बऱ्याचदा १२ इंचांत एक वेढा. त्या हिशोबाने गोळी मिनिटाला दीड लाखाहून जास्त वेळा फिरते. एवढ्या वेगात फिरणाऱ्या वस्तूचं वजन एका बाजूला किंचित जरी जास्त असेल तरी ती झोकांड्या खाणार.

दुकानातलं काडतूस हजारो वेगवेगळ्या रायफलींमध्ये सुरक्षित चाललं पाहिजे, म्हणून ते सगळ्यांना चालेल अशा मापाचं करतात. तयार शर्ट घेतो ना आपण, तसं. हँडलोडर आपल्या एकाच रायफलच्या मापाचा शर्ट शिवतो.

शिकारी आणि नेमबाज एक मिनिट ऑफ अँगल हे माप धरतात. १०० यार्डांवर, म्हणजे साधारण ९१ मीटरवर, ते एक इंचाच्या थोडं वर भरतं. सगळी भोकं आपल्या दहा रुपयांच्या नाण्याखाली झाकली गेली, तर समजायचं रायफल आणि काडतूस जमलं.

पण तीन भोकांनी भुलू नका

काडतुसाचं मिश्रण जमलं का, हे बघायला बरेच जण तीनच गोळ्या मारतात. तिन्ही जवळ बसल्या की खूश. पण नाणेफेकीत तीनदा छापा आला म्हणून नाणं खोटं ठरत नाही. तीन गोळ्या योगायोगानेही जवळ पडतात. त्याच मिश्रणाच्या वीस गोळ्या मारल्या तर वर्तुळ जवळपास नेहमीच मोठं होतं. आज मोबाइलला जोडता येणारे वेग मोजायचे रडार हौशी लोकांकडेही आलेत, त्यामुळे हा भ्रम बऱ्यापैकी उतरलाय.

दुसरं, कारखानेही झोपलेले नाहीत. हॉर्नाडी कंपनीने २००७ मध्ये ६.५ क्रीडमूर हे काडतूस आणलं. लांबच्या निशाण्यासाठी घरी काडतूस भरायला न लागता दुकानातून घेऊन थेट मारता यावं, ही कल्पना. आणि कमाल म्हणजे सुरुवातीच्या खोक्यांवर त्यांनी आतल्या मिश्रणाची माहितीही छापली होती. हॉटेलने मेनूकार्डवर रस्सा कसा केला ते लिहून द्यावं, तसं. आज दुकानातलं चांगलं काडतूस बहुतेक शिकाऱ्यांना पुरेसं अचूक असतं.

पैसे वाचतात का? प्रेस, साचे, तराजू यांचा खर्च निघायलाच बराच काळ जातो. हँडलोडर स्वतःच म्हणतात की पैसे वाचत नाहीत, तेवढ्याच पैशांत जास्त गोळ्या मारता येतात. २०२०-२१ मध्ये कोविडच्या काळात अमेरिकेत काडतुसांचा तुटवडा झाला तेव्हा साठा केलेले लोक आधी हसले. मग प्रायमरच मिळेनात, आणि त्यांचंही काम थांबलं.

मग शिकारीला याचा उपयोग काय?

अमेरिकेत एक कोटीहून जास्त लोक परवाना घेऊन शिकार करतात. मोठ्या जनावरांमध्ये सगळ्यात जास्त शिकार होते ती पांढऱ्या शेपटीच्या हरणाची. या हरणाचं हृदय आणि फुप्फुसं असलेला भाग साधारण २० सेंटिमीटरचा, छोट्या ताटलीएवढा. गोळी तिथे बसली तर जनावर काही क्षणांत कोसळतं. थोडी मागे, पोटात बसली तर ते पळून जातं आणि तासन्‌तास तडफडून कुठेतरी झाडीत मरतं.

१०० मीटरवरच्या हरणासाठी अर्ध्या इंचाच्या अचूकतेने काही बिघडत नाही. माणसाचा श्वास, थंडीने गारठलेली बोटं आणि वारा याने त्याहून जास्त फरक पडतो. अचूकता उपयोगी पडते ती मर्यादा कळायला. आपली रायफल किती अंतरापर्यंत त्या ताटलीत खात्रीने गोळी घालते, हे ज्याला आकड्यांत माहीत आहे, तो त्यापुढे चाप ओढत नाही.

आणि गोळी पोचल्यावर काय करते हा दुसरा प्रश्न. नॉस्लरचा नेम बरोबर होता, गोळी चुकीची होती. शिकारीच्या प्रत्येक गोळीला वेगाची एक चौकट असते. फार जोरात आदळली तर फुटते, फार हळू आदळली तर पसरत नाही आणि सुईसारखी आरपार जाते. कागदावर सुंदर भोकं पाडणाऱ्या स्पर्धेच्या गोळ्या बऱ्याचदा शिकारीला योग्य नसतात. हँडलोडर जनावर, अंतर आणि वेग बघून गोळी निवडतो. शिकारीत या छंदाचं सगळ्यात मोठं काम हेच.

गिधाडांमुळे गोळी बदलली

गोळीची निवड फक्त शिकाऱ्यापुरती राहत नाही. शिशाची गोळी जनावरात शिरली की तिचे बारीक कण मांसात पसरतात. शिकारी जनावर साफ करून आतडी जंगलातच टाकतो आणि ती गिधाडवर्गी पक्षी खातात.

कॅलिफोर्निया कॉन्डर हा पंख पसरल्यावर जवळपास तीन मीटर भरणारा पक्षी. १९८२ मध्ये जगात फक्त २२ कॉन्डर उरले होते. १९८७ मध्ये उरलेसुरले सगळे पकडून पिंजऱ्यात प्रजनन सुरू केलं आणि १९९२ पासून पक्षी पुन्हा मोकळे सोडले. पण सोडलेल्या पक्ष्यांच्या मृत्यूमागचं मोठं कारण शिशाची विषबाधा निघालं. जनावरांच्या औषधातलं डायक्लोफिनॅक मेलेल्या गुरांमधून आपल्या गिधाडांच्या पोटात गेलं आणि गिधाडं संपत आली, तसाच हा प्रकार. आपल्याकडे २००६ मध्ये त्या औषधाच्या जनावरांसाठीच्या वापरावर बंदी आली. कॅलिफोर्नियाने २०१३ मध्ये कायदा केला आणि १ जुलै २०१९ पासून शिकारीत शिशाच्या गोळ्या पूर्ण बंद केल्या. डेन्मार्कने छर्ऱ्यांतलं शिसं १९९६ मध्येच बंद केलं होतं, १ एप्रिल २०२४ पासून रायफलच्या गोळ्यांतलंही बंद केलं.

पर्याय आहे सबंध तांब्याची गोळी. तांबं शिशापेक्षा हलकं, त्यामुळे तेवढ्याच वजनाची गोळी जास्त लांब होते. लांब गोळी स्थिर ठेवायला नळीतल्या खाचांचा पीळ जास्त घट्ट लागतो. जुन्या रायफलींना ती मानवतेच असं नाही. कितीतरी शिकारी आता आपल्या आजोबांच्या रायफलला चालेल अशी तांब्याची गोळी शोधत पुन्हा त्याच टेबलवर बसलेत.

चूक झाली तर दुसरी संधी नाही

दोन डब्यांतल्या दारूचे दाणे सारखे दिसतात, पण जळायचा वेग वेगळा असतो. पिस्तुलाची वेगाने जळणारी दारू रायफलच्या पुंगळीत गेली तर दाब आवाक्याबाहेर जातो आणि रायफल हातात फुटते. उलट, दारू घालायलाच विसरलं तर नुसत्या प्रायमरच्या जोरावर गोळी नळीत अडकू शकते. ते न कळता पुढचा बार काढला तर तोच परिणाम. म्हणून कंपन्यांनी प्रयोगशाळेत तपासलेले आकडे पुस्तकात छापलेले असतात आणि शहाणा हँडलोडर खालच्या मात्रेपासूनच सुरुवात करतो. टेबलवर एका वेळी दारूचा एकच डबा, हा या छंदातला पहिला नियम.

आपल्याकडे चालतं का हे?

एका वाक्यात उत्तर: परवान्याशिवाय अजिबात नाही. शस्त्र कायदा, १९५९ च्या व्याख्येत ‘दारूगोळा’ म्हटलं की काडतुसाचे भाग आणि ते बनवायची यंत्रंही त्यात येतात. परवान्याशिवाय काडतुसं बनवली तर २०१९ च्या दुरुस्तीनंतर किमान ७ वर्षं ते जन्मठेप अशी शिक्षा आहे. आणि शिकारीला तर वन्यजीव संरक्षण कायदा, १९७२ ने बंदी घातलीय. त्यामुळे यूट्यूबवर बघून घरी प्रयोग, हा विषयच डोक्यात आणायचा नाही.

पण सारखेपणाचं हे शास्त्र आपल्या ओळखीच्या एका ठिकाणीही चालतं. कोल्हापूरच्या तेजस्विनी सावंतने २०१० मध्ये म्युनिकला ५० मीटर प्रोनमध्ये जागतिक विजेतेपद मिळवलं. राधानगरी तालुक्यातल्या कांबळवाडीच्या स्वप्नील कुसाळेने १ ऑगस्ट २०२४ रोजी पॅरिस ऑलिम्पिकमध्ये ५० मीटर थ्री पोझिशन्समध्ये ब्राँझ आणलं. या खेळात १० गुणांचं वर्तुळ असतं १०.४ मिलिमीटरचं. आपल्या करंगळीच्या नखाएवढं.

इथे वापरतात ते .२२ रिमफायरचं काडतूस. त्याचा प्रायमर वेगळा नसतो, ते रसायन पुंगळीच्या कडेतच भरलेलं असतं. त्यामुळे ते पुन्हा भरायची सोय नाही. मग जगातले आघाडीचे नेमबाज काय करतात? आपली रायफल घेऊन काडतूस कंपनीच्या टेस्ट रेंजवर जातात. तिथे एकाच काडतुसाच्या वेगवेगळ्या लॉटमधल्या गोळ्या मारून बघतात आणि जो लॉट आपल्या नळीला सगळ्यात जास्त मानवतो, तोच विकत घेतात. खोकं तेच, किंमत तीच, फक्त लॉटचा नंबर वेगळा. आणि तेवढ्याने पदक हुकू शकतं.

ओरेगनचा शिकारी काडतूस स्वतः भरतो, ऑलिम्पिकचा नेमबाज ते निवडून घेतो. दोघांनाही हवी असते ती एकच गोष्ट: पुढची गोळी मागच्या गोळीसारखीच जाईल याची खात्री. नेमबाजाची ती खात्री चुकली तर पदक जातं. शिकाऱ्याची चुकली तर त्याची किंमत समोरचं जनावर मोजतं.